मोरीतून घेतलेला फोटो

चेहऱ्याखेरीज फोटोत जे जे येते ते सर्व अडगळ होय, असा हेमचंद्र विजयकरांचा सिद्धांत होता, आणि ठाकुरद्वारच्या त्यांच्या स्टुडिओत सिद्धांताला कायद्याची किंमत होती. नव्वद मिलिमीटरची लांब लेन्स लावावी, माणसामागचा पडदा, खुर्ची, भिंत, सगळे जग लोण्यासारखे वितळू द्यावे आणि उरलेल्या डोळ्यांवर नेम धरावा. गिरगावातल्या दोन पिढ्यांच्या नवऱ्यामुली त्या नेमापुढे मान खाली घालून बसून गेल्या होत्या. विजयकरांच्या हाताखाली कसबी झालेल्या दगडू गमरे याने हा सिद्धांत मनोभावे पाळला होता. म्हणूनच सत्तावन्न सालच्या चैत्रातल्या एका रिकाम्या दुपारी त्याने सहज बोलल्यासारखे बोलून टाकले, तेव्हा हेमचंद्रभाईंनी हातातला चहाचा कप बशीत ठेवला.

"भाई, माझी नव्वद देऊन टाकतो आणि वाइड घेतो."

"कोणाला देऊन टाकतोस?"

"एदलजीला. बदलीत."

"आणि पोट कशाने भरणार? वाइडने? अरे, वाइड घेतो तो घरबांधणीचा कंत्राटदार. इमारतीचे फोटो काढायला. त्या लेन्सने माणूस काढलास तर नाक आधी येतं आणि माणूस मागाहून."

दगडूने वाद घातला नसता. भाईंशी वाद घालणे म्हणजे अख्खी दुपार घालवणे, हे त्याला ठाऊक होते. पण त्या दिवशी त्याच्या अंगात काहीतरी संचारले होते. त्याने भिंतीवरच्या चौकटीकडे बोट केले. फेब्रुवारीत, निवडणुकीच्या धामधुमीत, नरे पार्कातल्या संयुक्त महाराष्ट्र समितीच्या सभेचा तो फोटो भाईंनी स्वतः घेतला होता आणि येणाऱ्या-जाणाऱ्याला ते तो अभिमानाने दाखवीत. वक्त्याचा वर उठलेला हात, ताणलेली मान, कपाळावरचा घाम. घामाचा एकेक थेंब मोजून घ्यावा असा स्वच्छ.

"भाई, त्या दिवशी पार्कात मुंगीला जागा नव्हती. गिरण्यांची अख्खी पाळी येऊन बसली होती. तुमच्या फोटोत किती माणसं आहेत?"

"एक."

"मग ती सभा कशावरून?"

हेमचंद्रभाईंनी फोटोकडे पाहिले, मग दगडूकडे. "नाव दगड आणि धंदा काचेचा," ते म्हणाले, "तुझ्याकडून आणखी काय अपेक्षा ठेवायची. सांग, काय प्रकार आहे हा."

प्रकार असा होता. दगडूची धाकटी बहीण शांता हिचे लग्न वैशाखात ठरले होते. मागल्या वर्षअखेरीस डिलाईल रोडच्या चाळींतली गमऱ्यांची सारी खोली बौद्ध झाली होती आणि शांताचे लग्न नव्या विधीने लागायचे होते. त्यांच्या चाळीत असे पहिलेच. दगडूचे वडील कुशाबा गिरणीत, सूत कातायच्या रिंग खात्यात कामाला होते. बोलणे थोडे, पण बोललेले मोडायचे नाहीत. ते आमंत्रण करायला खेडजवळच्या गावी थोरल्या भावाकडे गेले. भिवाआबा हे वाडीतले कर्ते. वाडीतली घरे त्यांच्या शब्दावर चालत. नव्या धर्माला त्यांनी नाही म्हटले नव्हते, पण लग्नाचे नाव निघताच ते बिथरले.

"अंतरपाट नाही, अक्षता नाहीत, मंगलाष्टकं नाहीत," आबा म्हणाले होते. "मग लग्न लागलं हे ओळखायचं कशावरून? का शांता सभेला बसणार आहे?"

"तू ये आणि बघ," कुशाबा म्हणाले.

"मी येणार नाही. माझी चंपा लग्नाची झाली आहे. तिचं मी आपल्या जुन्या रीतीनं करीन. तुझं बघून पटलं तर विचार करीन. फोटो पाठव. पण एकच पाठव. तुझा पोरगा तुकडे करतो. एकात नवरीचं तोंड, एकात हात, एकात नुसता हार. तुकडे जोडून मला लग्न दाखवू नका. एका कागदात सगळं दिसलं पाहिजे, कोण बसलं, कुठं बसलं, काय बोललं."

"बोललेलं फोटोत कसं दिसेल?"

"खरं बोललेलं तोंडावर दिसतं."

कुशाबांनी तिथल्या तिथे शब्द दिला. मुंबईला परतल्यावर त्यांनी मुलाला एवढेच सांगितले की एका कागदात सगळे बसव. त्यांच्या जिवाला काय लागले होते ते त्यांनी सांगितले नाही, आणि सांगायची गरजही नव्हती. दोघे भाऊ एका ताटात जेवून मोठे झाले होते, आणि गावाहून आल्यापासून कुशाबांचा घास घशाखाली उतरत नव्हता, हे घरातल्या प्रत्येकाला दिसत होते.

एवढे सांगून दगडू थांबला. हेमचंद्रभाईंनी थंड झालेला चहा एका घोटात संपवला.

"फ्लॅश मार."

"फ्लॅश पुढच्या ओळीला भाजून काढील आणि भिंतीजवळची माणसं काळोखात जातील. आबांना भिंतीजवळची माणसंच बघायची आहेत."

"मग मैदानात मांडव घाल. उजेडच उजेड."

"बाबा म्हणतात, दीक्षा घेतली तेव्हापासून ज्या खोलीत रोज वंदना होते त्याच खोलीत लग्न लागेल."

"तुझा बाप माझ्याहून हट्टी आहे," भाई म्हणाले, आणि त्यांच्या तोंडून ही स्तुती मानावी लागते. "जा. पण नव्वद देऊन टाकलीस की पस्तावशील, हे मी आजच सांगून ठेवतो."

फोर्टात बोराबाजारच्या तोंडाशी एदलजीचे दुकान होते. विलायती माल येणे दिवसेंदिवस अवघड होत चालले होते, त्यामुळे बोटीवरच्या खलाशांकडून आणि मुलूख सोडून जाणाऱ्या साहेबांकडून जे हाती लागेल ते एदलजी पारखून ठेवी. त्याने काळ्या मखमलीवर दोन लेन्सा मांडल्या आणि दगडू वाकून पाहू लागला. एक होती अठ्ठावीसची. दुसरी पस्तीसची, जपानी, नुकतीच निघालेली, पुढच्या काचेवर जांभळी झाक असलेली.

"अठ्ठावीस घे," एदलजी म्हणाला. "तुला समदा रूम पायजे ना? यात समदा रूम येल. वर खुर्ची फ्री."

"उजेड किती घेते?"

"साडेतीन."

"आणि ही?"

"ही एक पॉइंट आठ. पन यात रूम थोरा कमी येते. आता तू ठरव, मानस जास्ती पायजे का उजेड जास्ती पायजे. दोन्ही पायजे तर देवाला सांग, माझ्याकरे नाय."

इथेच सारी मेख होती. लेन्सचा आकडा जितका लहान तितका तिचा आवाका मोठा, हे खरे. पण आवाक्याबरोबर उजेड पोटात घेण्याची ताकद येतेच असे नाही. उजेडाचाही आकडा जितका लहान तितके लेन्सचे तोंड मोठे, आणि अठ्ठावीसचे तोंड लहान. पस्तीसची लेन्स तिच्या चौपट उजेड आत घेई, पण तिच्यात दोन्ही बाजूंची चार-चार माणसे बाहेर राहणार. दगडूने पस्तीसची हातात घेतली. मुठीत मावेल एवढीशी, पण वजनाला भरीव. कडे फिरवले तशा आतल्या पात्या फुलासारख्या उमलल्या आणि मिटल्या. त्याने ती पुन्हा उमलवली. आणखी एकदा.

"काच घासून जाएल," एदलजी म्हणाला. "लगीन तुझ्या बेनचे हाय का तुझे?"

निर्णय दुकानात होण्यासारखा नव्हता. एदलजीकडे बोटाएवढा एक जोड-दर्शक होता. कॅमेऱ्याशिवायही डोळ्याला लावला की कोणत्या लेन्समध्ये किती दिसेल हे त्यात दिसे. तो दोन दिवसांच्या बोलीवर घेऊन दगडू ट्रामने तडक घरी आला.

खोलीत शिरल्याबरोबर त्याने तो डोळ्याला लावला. अठ्ठावीसच्या चौकटीत भिंत, तसबिरी, दार, दाराबाहेरचा व्हरांडा, सगळे आले. पस्तीसच्या चौकटीत दार तुटले. तो मागे सरला. खिडकीला पाठ लागली. अजून दार तुटत होते. खिडकीच्या बाजूलाच, कोपऱ्यात, हातभर कठड्याची मोरी होती. दगडूने कठडा ओलांडला, हंडा बाजूला केला आणि भिंतीला अंग चिकटवून उभा राहिला.

दार आले. दाराची चौकट, तिच्यावरचा खिळासुद्धा आला.

"काय रे हे?" त्याची आई रमाबाई चुलीवरून वळून म्हणाली. "चपला घालून मोरीत?"

"आई, सगळं दिसतंय."

"मोरीतनं सगळं दिसतंच. मी जन्मभर तिथनंच बघतेय. उतर आधी."

तो उतरला नाही. त्याने आईला भिंतीजवळ उभे केले, शांताला मध्ये बसवले, शेजारच्या राधाबाईंना बोलावून डाव्या कडेला बसवले आणि दर्शक डोळ्याला लावून एकटाच हसत राहिला. मोरीच्या त्या दीड हाताने त्याला चार-चार माणसे परत मिळवून दिली होती, आणि खिडकी शेजारीच असल्यामुळे उजेड त्याच्या खांद्यावरून समोरच्या भिंतीवर पडत होता. म्हणजे आवाका जागेने साधत होता. लेन्सकडे मागायचा तो फक्त उजेड. दुसऱ्या दिवशी सकाळी एदलजीने दुकान उघडले तेव्हा दगडू पायरीवर बसला होता. त्याने पिशवीतून आपली नव्वदची लेन्स काढली, मखमलीवर ठेवली आणि पस्तीसची उचलली. आपल्या जुन्या लेन्सकडे त्याने वळून पाहिले नाही, असे म्हणणे खरे होणार नाही. दाराशी जाऊन त्याने एकदा पाहिले.

पुढचे पंधरा दिवस त्याने त्या लेन्सला खिशातून खाली ठेवले नाही. दादरच्या फुलबाजारात पहाटेच्या अर्धवट उजेडात, लालबागच्या खानावळीत, ट्रामच्या थांब्यावर जिथे भिंतीवर 'मुंबईसह संयुक्त महाराष्ट्र' अशी चुन्याची अक्षरे होती तिथे, जिथे तिथे त्याने फोटो घेऊन पाहिले. आरंभीचे सारे फसले. लांब लेन्सची सवय असलेला तो दूर उभा राही आणि फोटोत येई नुसता रस्ता, माणसे त्यात मोहरीएवढी. मग तो जवळ जाऊ लागला, इतका की खानावळीतल्या एका गिऱ्हाईकाने "जेवायचंय का माझ्या ताटात?" असे विचारले. आणि त्या फोटोत, जवळचे ताट परातीएवढे असले तरी, मागे ओळीने बसलेले सगळे जेवणारे, वाढणारी बाई, भिंतीवरचे घड्याळ, सगळे होते. हेमचंद्रभाईंनी तो ओला फोटो चिमट्याने उचलून पाहिला.

"ताट ठीक आहे," ते म्हणाले. "आमटी दाट दिसते." मग जरा वेळाने: "तोंड पूर्ण उघडून घेतलास. मागचे धूसर झालेत. लग्नात असं केलंस तर अर्धी खोली धुक्यात जाईल. एक पॉइंट आठ म्हणून एवढा नाचतोस, आणि कामाच्या वेळी ते वापरता येणार नाही."

"तोंड एवढं उघडतं म्हणजे तेवढं उघडायलाच हवं, असं थोडंच आहे, भाई? जरूर पडली तर आहे."

"जरूर पडणारच. तुझी खोली काळोखी आहे."

भाईंचे म्हणणे चुकीचे नव्हते. तोंड पूर्ण उघडावे तर भिंत स्पष्ट येऊन वधूवर पुसट व्हायचे किंवा उलटे. तोंड बारीक करावे तर तितका उजेड खोलीत नाही. दगडूने तीन सकाळी खोलीतल्या उजेडाचे माप घेतले आणि तिन्ही सकाळी मापकाचा काटा एका घराने कमी पडला. निघताना भाईंनी त्याला एक सल्ला दिला, जो ते गेली कित्येक वर्षे प्रत्येक लग्नाला देत असत: "शेवटचं सावधान ऐकू आलं की श्वास रोखायचा. अंतरपाट सुटला की दाबायचं. पुढे-मागे नाही." तो दगडूच्या हाडीमाशी इतका खिळला होता की त्याने मान डोलावली, आणि यात काही विसंगत आहे हे दोघांपैकी एकाच्याही ध्यानात आले नाही.

वैशाखातल्या त्या रविवारी सकाळी खोलीत सतरंज्या अंथरल्या. समोरच्या भिंतीशी पाटावर बुद्धाची मूर्ती, वर बाबासाहेबांची तसबीर, मोगऱ्याचे हार. मूर्तीच्या एका बाजूला विधी सांगणारे साळवी मास्तर. दगडू हंडा बाहेर काढून मोरीत उभा राहिला आणि कॅमेरा डोळ्याला लावून त्याने लोक बसवायला सुरुवात केली.

"राधाबाई, जरा भिंतीला. मावशी, गुडघा आत. बाबा, तुम्ही डावीकडं सरका."

कुशाबा पुढच्याच ओळीत, वधूवरांसाठी राखलेल्या जागेच्या डावीकडे बसले होते. त्यांच्या शेजारी एका माणसाची जागा मोकळी होती.

"बाबा, मध्ये भोक दिसतंय."

"असू दे."

"फोटोत वाईट दिसेल."

"दिसू दे."

गर्दी वाढली. कोणी पाहुणा त्या जागी बसायला वाकला, तर कुशाबांनी त्याचा हात धरून त्याला पलीकडे बसवले. दगडूने मनातल्या मनात चरफडून घेतले. डोळ्याला ती जागा वीतभर वाटत होती; पण आता पंधरा दिवसांच्या ओळखीने त्याला माहीत झाले होते की ही लेन्स जवळचे वाढवून सांगते. ती वीत कागदावर शेतभर होणार होती. पण बापाशी वाद घालायची ही वेळ नव्हती.

मग शांता आली आणि तिच्यामागून नवरदेव, तांब्यांचा शामराव. शांता पांढऱ्या लुगड्यात, शामराव पांढऱ्या सदऱ्यात. मागोमाग दोन्हीकडची माणसे, सगळी पांढऱ्या कपड्यांत. दगडूने सवयीने उजेडाचे माप पुन्हा काढले आणि काटा पाहून त्याला वाटले, माप बिघडले. त्याने ते झटकले, पुन्हा पाहिले. काटा एक घर वर सरकला होता. एका घराहून थोडा जास्तच.

खोली उजळली होती. खिडकीतून आलेला उजेड शांताच्या लुगड्यावर पडत होता, तिथून शामरावच्या सदऱ्यावर, तिथून भिंतीशी बसलेल्या म्हाताऱ्यांच्या धोतरांवर आणि तिथून परत समोरच्यांच्या तोंडावर. इतकी वर्षे त्याने लग्ने पाहिली होती ती शालूंची, डाळिंबी, अंजिरी, हिरव्या रंगांची. ते रंग उजेड पिऊन टाकीत. इथे प्रत्येक माणूस शेजाऱ्याला उजेड देत बसला होता.  दगडूने कडे फिरवले आणि लेन्सचे तोंड बारीक करून दोन पॉइंट आठवर आणून ठेवले. आता वधूवरही रेखीव येणार होते आणि मूर्तीही. फक्त वेग मंद राहत होता, एका सेकंदाचा तिसावा भाग. तेवढ्यात ना त्याचा हात हलून चालणार होता, ना खोलीतला कोणी.

साळवी मास्तरांनी सुरुवात केली. सगळ्यांनी हात जोडले. तीनदा म्हणायच्या त्रिशरणाचे शब्द मास्तर सांगत, आणि त्यांच्यामागून सगळी खोली ते उच्चारी. बुद्धाला शरण, धम्माला शरण, संघाला शरण. दगडू बोट ठेवून सज्ज होता. चौकट जुळली होती. तो थांबला होता.

कशासाठी थांबला होता, हे त्याला त्या वेळी कोणी विचारले असते तर त्याने गडबडून जाऊन उत्तर दिले असते. पण बोटाला माहीत होते. शेकडो लग्नांत ते बोट एकाच क्षणासाठी थांबायला शिकले होते. आवाज चढत जातो, शेवटचे सावधान येते, पडदा सुटतो, वाजंत्री उठते, आणि मग. त्या 'मग'ची वाट पाहत बोट तसेच राहिले, आणि पहिले त्रिशरण होऊन गेले.

"दुतियम्पि," मास्तर म्हणाले. खोली पुन्हा म्हणू लागली. तेवढ्यात खाली रस्त्यावर ताशा कडकडला. दगडूचे बोट दबता दबता राहिले. वाजंत्री आली, आता पडदा, आता. पण तो समितीचा मोर्चा होता, डिलाईल रोडवरून घोषणा देत चाललेला. पडदा नव्हताच. खोलीत कोणी खिडकीकडे मान वळवली नाही. दुसरे त्रिशरणही संपले.

"तोंड शिवलंय का रे तुझं?" रमाबाई पुटपुटल्या. त्या मोरीच्या कठड्याला टेकून बसल्या होत्या, त्याच्या अगदी पायाशी. "सगळे म्हणतायत. तू काय फोटोग्राफर म्हणून वेगळा?"

तेव्हा त्याला कळले.  इथे सुटायला पडदा नव्हता. दोघांच्या मधून काही दूर व्हायचे नव्हते आणि म्हणून काही क्षण गाठायचाही नव्हता. जे व्हायचे ते आत्ता, या म्हणण्यात, सगळ्यांच्या तोंडून होत होते, आणि दोनदा होऊन गेले होते. आता एकदाच उरले होते.

"ततियम्पि."

दगडू म्हणू लागला. आईच्या आवाजात आवाज मिसळून त्याने पहिले शरण म्हटले आणि त्याच वेळी त्याच्यापुढे दुसरे भय उभे राहिले, की म्हणताना छाती हलते. भाईंचा नियम श्वास रोखायचा होता. शब्द म्हणावे तर फोटो हलणार, फोटो धरावा तर शब्द सुटणार. आणि समोर तरी कोण स्थिर होते? ओठ हलत होते, जोडलेले हात हलत होते, म्हाताऱ्यांच्या माना हलत होत्या.

पहिले शरण संपले. मास्तरांनी दुसरे सांगितले. खोलीने ते म्हटले, दगडूनेही म्हटले, आणि त्याच्या कानाने जे डोळ्याला इतका वेळ दिसले नव्हते ते टिपले. प्रत्येक वेळी म्हणणे संपले की सगळी खोली एकाच वेळी श्वास घेत होती. मास्तर पुढचे सांगण्याआधी, क्षणभर. ओठ मिटलेले, हात जोडलेले, छात्या भरलेल्या, आणि कोणीही हलत नाही. तोही नाही, कारण तोही त्यांच्याबरोबरच म्हणत होता आणि त्यांच्याबरोबरच थांबत होता.

तिसरे शरण. त्याने ते शेवटच्या अक्षरापर्यंत म्हटले. मग सगळ्यांबरोबर श्वास घेतला, आणि बोट दाबले.

कॅमेऱ्यातला पडदा सरकल्याचा एवढासा आवाज झाला. तो फक्त रमाबाईंनी ऐकला.

पुढे पंचशील झाले, प्रतिज्ञा झाल्या, हार घातले गेले, फुले पडली. दगडूने फिल्म संपेपर्यंत फोटो घेतले. पण ज्याच्यासाठी नव्वदची लेन्स गेली होती तो एकच होता, आणि तो साधला की नाही हे त्या डबीच्या आत होते.

त्या दुपारी डार्करूमच्या लाल दिव्याखाली हेमचंद्रभाई स्वतः त्याच्या शेजारी येऊन उभे राहिले. तबकातल्या रसायनात कागद पांढरा होता. मग दाराची चौकट उमटली, तिच्यात अडकलेले व्हरांड्यातले चेहरे, मग तसबीर, मूर्ती, साळवी मास्तर, आणि मध्ये शांता आणि शामराव. मिटलेले ओठ, भरलेल्या छात्या. कोणीही हलले नव्हते. डाव्या कडेला राधाबाईंचे डोके जरा लांबट झाले होते आणि खाली कोपऱ्यात रमाबाईंचे जोडलेले हात नवरीच्या चेहऱ्याएवढे मोठे आले होते. आणि अगदी पुढे, कुशाबांच्या बाजूला, सतरंजीची ती मोकळी जागा, पट्ट्यापट्ट्यांची, कागदाचा चांगला सहावा भाग व्यापून.

"हे काय?" भाई म्हणाले.

"भोक," दगडू म्हणाला. "बाबांनी हलू दिलं नाही."

भाई बराच वेळ वाकून पाहत होते. "कापू नकोस," ते शेवटी म्हणाले. "तुझ्या बापाचा हात बघ."

दगडूने पाहिले. कुशाबांचे हात जोडलेले होते, पण कोपर त्या बाजूला किंचित बाहेर होते, जसे शेजारी कोणी बसले असता असते; शेजाऱ्याच्या कोपराला टेकलेले. त्याने तबकाच्या कडा दोन्ही हातांनी धरल्या. नव्वदच्या लेन्सने त्याने ती जागा सगळ्यांत आधी वगळली असती.

"वाइड वाईट नाही," भाई म्हणाले, आणि लगेच भानावर येऊन: "राधाबाईंना मात्र दाखवू नकोस."

गावचा एक माणूस भाऊच्या धक्क्यावरून दाभोळच्या बोटीने निघाला होता, त्याच्या ट्रंकेत फोटो गेला. त्यानंतर घरात कोणी त्याचे नाव काढले नाही. कुशाबा पाळीला जात, परत येत, जेवायला बसत आणि अर्ध्यावर उठत. पावसाळ्यासाठी बोटी बंद व्हायला थोडे दिवस राहिले होते. दगडू ठाकुरद्वारला नवऱ्यामुलींच्या चेहऱ्यांसाठी आता भाईंची लेन्स मागून घेई, आणि भाई ती देताना दर वेळी एक टोमणा मारीत.

आणि एके दिवशी, तो संध्याकाळी घरी आला तेव्हा दारात गावाकडच्या वहाणा होत्या.

आत भिवाआबा बसले होते. पाटावर नव्हे, भिंतीशीही नव्हे. सतरंजीवर, खोलीच्या डाव्या भागात, नेमक्या त्याच जागी. शेजारी कुशाबा. दोघांच्या पुढ्यात एकच ताट होते. आबांनी मांडीवर फोटो धरला होता, हळदीचे बोट कडेला लागू नये म्हणून उपरण्यात गुंडाळून.

"ये," आबा म्हणाले. "तुझ्या आईचे हात एवढे मोठे कधी झाले रे?"

"लेन्सच तशी आहे, आबा. जवळचं मोठं दाखवते."

"आणि ही जागा?" आबांनी फोटोवर बोट ठेवले. "ही पण लेन्सनंच?"

दगडूने बापाकडे पाहिले. कुशाबा भात कालवत होते. त्यांनी मान वर केली नाही.

"जागा बाबांची आहे," दगडू म्हणाला. "लेन्सनं मोठी केली."

आबांनी फोटो मांडीवर सरळ केला.  "वाडीत फिरवला मी हा. पोरं विचारतात, सगळे एवढे गप्प का बसलेत. मी म्हटलं, गप्प नाहीत, म्हणून झालंय आणि पुढचं म्हणायचं आहे. दिसतंय ते. चंपाचं दिवाळीनंतर करू. साळवी मास्तरांना बोलाव. आमच्या अंगणात होईल, घरात मावायचे नाहीत." त्यांनी मोरीकडे पाहिले. "पण अंगणाला मोरी नाही. तू उभा कुठं राहणार?"

"बघतो," दगडू म्हणाला.

पण त्याचे लक्ष आधीच खोलीत होते. संध्याकाळचा उजेड तिरपा आत आला होता, आबांच्या पांढऱ्या मुंडाशावर पडून कुशाबांच्या गालावर उतरला होता. कुशाबांनी भाताचा घास उचलला, आणि तो त्यांनी खाल्ला, मग दुसरा. दगडूने पिशवीतून कॅमेरा काढला, पस्तीसची लेन्स बसवली, तिचे तोंड पूर्ण उघडले आणि न बोलता मोरीचा कठडा ओलांडला.

"चपला," रमाबाई म्हणाल्या.